घाटात गाडी किल्ली काढल्यासारखी बंद पडते, अर्ध्या तासाने आपोआप चालू. पंप बदलून झाला, आता काय?

वाशिष्ठीकाठ
मंगळवार, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. प्रश्न लांबलचक आहे, पण अर्धवट सांगितलं की उत्तरंही अर्धवट मिळतात, म्हणून सगळंच लिहितो.

गाडी २०११ची पेट्रोल हॅचबॅक, १.२ लिटर, ९८ हजार किलोमीटर झालेली. कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर अर्धा धागा 'ही गाडी घेतलीसच कशाला' यातच जाईल. मी चिपळूणचा. सासुरवाडी कराडजवळ, त्यामुळे महिन्यातून दोनदा कुंभार्ली घाट ठरलेला.

गेल्या पावसाळ्यानंतर हे सुरू झालं. पोफळी सोडून घाट लागला, चार-पाच वळणं झाली, की गाडी बंद. धक्के नाहीत, आचके नाहीत, ओढ कमी झाली असंही नाही. कुणीतरी शेजारून हात घालून किल्ली फिरवावी तशी गप्प. सेल्फ मस्त फिरतो, बॅटरी गेल्याच वर्षीची, पण इंजिन धरत नाही. मग बोनेट उघडून ठेवायचं, थर्मासमधला चहा प्यायचा, माकडांपासून चिवडा वाचवायचा, आणि वीस-पंचवीस मिनिटांनी किल्ली फिरवली की काही घडलंच नाही अशा थाटात चालू. कधी तिथून थेट कराड गाठते, कधी कोयनानगरच्या आधीच पुन्हा बसते. सकाळी घरासमोर मात्र पहिल्या किल्लीत. गॅरेजमध्ये नेली की पाहुण्यांसमोर बसवलेल्या पोरासारखी वागते.

इंजिनाचा दिवा लागत नाही. टेंपरेचरचा काटा निम्म्याच्या खाली.

आतापर्यंतचे उपद्व्याप: प्लग, एअर फिल्टर, पेट्रोल फिल्टर. मग आमच्या मेकॅनिकने 'पंप तापून बसतोय' म्हणून टाकीतला पंपच बदलला. मजुरीसकट साडेसहा हजार. माणूस प्रामाणिक आहे, त्याच्याबद्दल तक्रार नाही. पण नव्या पंपासह तिसऱ्याच फेरीत गाडी त्याच वळणावर बसली. बायको म्हणते तिथे नारळ द्या. मेकॅनिक म्हणतो ईसीयू (इंजिन चालवणारा कॉम्प्युटर) काढून तपासायला पाठवू. ईसीयूचा आकडा ऐकला आणि आधी इथे आलो.

आणखी एक. २२ जुलै २०२१च्या पुरात ही गाडी दारातच उभी होती, पाणी बोनेटच्या वर. नंतर सीटा, कार्पेट काढून वाळवलं, सगळी ऑइलं बदलली, सेल्फ आणि अल्टरनेटर उघडून साफ केले, आणि त्यानंतर तीन वर्षं गाडी बिनतक्रार चालली. त्यामुळे पुराचा संबंध नसावा, पण सांगून ठेवतो.

कोयनेचा_वारा
मंगळवार, रात्री ११:१५

क्रँक सेन्सर, म्हणजे इंजिन फिरतंय हे ईसीयूला कळवणारा. डोळे झाकून सांगतो. माझ्या गाडीला हुबेहूब हेच व्हायचं. तापला की सिग्नल बंद, थंड झाला की चालू. सेन्सर बदलला, दोन वर्षं झाली, काही नाही. ईसीयूच्या नादी लागू नका.

आप्पा_तारवाले
बुधवार, सकाळी ६:०५

वाऱ्याचं म्हणणं टाकाऊ नाही. क्रँक सेन्सर तापून बसतो आणि लक्षणं अशीच दाखवतो. पण डोळे झाकून सांगितलेलं औषध डोळे झाकूनच घ्यावं लागतं. दादांनी एकदा तसं घेऊन झालंय, साडेसहा हजारांचं.

मी कराडात २८ वर्षं गाड्यांच्या वायरिंगचं काम करतोय. तुमचा घाट चढून येणाऱ्या रस्त्यावर माझं दुकान, त्यामुळे बसलेल्या गाड्या दोरी लावून येतात त्या माझ्याच दारात. पंप बदलून आलेल्या गाड्या मी बऱ्याच बघितल्यात. एकीचे तर तीन पंप झाले होते. तिन्ही चांगले. दोष होता पंपाला करंट नेणाऱ्या रिलेमध्ये, म्हणजे आगपेटीपेक्षा लहान काळ्या डबीत.

तुमचं लिहिलेलं दोनदा वाचलं. धक्के न देता बंद पडते, हा मुद्दा मोठा आहे. फिल्टर तुंबला किंवा पंप थकला तर गाडी आधी रडते, चढाला मान टाकते, आचके देते. किल्ली काढल्यासारखी बंद पडते तेव्हा बहुतेक वेळा करंट तुटलेला असतो. कुठला, ते शोधायचं. आणि ते घरी शोधून सापडणार नाही. गाडी बसेल तिथंच, थंड व्हायच्या आत, पहिल्या पाच मिनिटांत बघायचं. चहा नंतर.

सोबत एक माणूस लागेल. गाडी बसली की किल्ली पूर्ण बंद करून दहा सेकंद थांबा, मग नुसती ऑन करा, सेल्फ मारू नका. सोबतच्याने पेट्रोलचं झाकण उघडून तिथं कान द्यावा किंवा मागच्या सीटवर डोकं टेकवून ऐकावं. बहुतेक इंजेक्शनच्या गाड्यांत किल्ली ऑन केल्यावर ईसीयू पंपाला साधारण दोन सेकंद चालवतो, लाइनीत प्रेशर भरायला. 'घुंऽऽ' असा आवाज येऊन थांबतो. आवाज आला तर पंप, रिले, फ्यूज तूर्त सोडा आणि वाऱ्याच्या सेन्सरकडे जा. त्याचीही खूण आहे: सेल्फ मारताना आरपीएमचा काटा जरासा उचलतो का बघा. काटा मेल्यासारखा पडून असेल तर सेन्सरवर संशय घ्यायला जागा आहे.

आवाज आला नाही, तर बोनेट उघडा. फ्यूज बॉक्सच्या झाकणावर आतून नकाशा छापलेला असतो, त्यात पंपाचा रिले शोधा आणि त्याच्यावर बोट ठेवून किल्ली परत ऑन करायला सांगा. 'टक' लागलं पाहिजे आणि दोनेक सेकंदांनी परत 'टक'. शेजारी मेन रिले असतो, तोही टक करतो, पण तो धरून बसतो. दोनदा टकटक करणारा तो पंपाचा.

आता ऐका, इथंच सगळे फसतात. टक आला म्हणजे रिले चांगला, असं नाही. रिलेत दोन वेगळी घरं असतात. एका घरात तारेची गुंडाळी, कॉइल, ८५ आणि ८६ नंबरच्या पिनांमध्ये. ईसीयू तिथं जरासा करंट सोडतो, ८० ओहमची कॉइल धरली तर १२ व्होल्टला जेमतेम ०.१५ अँपिअर. तिचं लोहचुंबक होतं आणि ते पत्ती ओढतं, 'टक' तो पत्तीचा. दुसऱ्या घरात पॉइंट. ३० नंबरच्या पिनेवर बॅटरीचा प्लस आलेला असतो, पत्ती टेकली की तो ८७मधून पंपाकडे जातो. तिथून जातात पाच-सहा अँपिअर. कॉइल ठणठणीत असेल तर टक येणारच, मग वरचा पॉइंट जळून कोळसा झाला असला तरी. कडी वाजली म्हणजे दार उघडलं असं थोडंच असतं.

टक आलाच नाही, तर गोष्ट वेगळी: कॉइल तुटलेली, किंवा ईसीयूकडून हुकूम आलेला नाही. इमोबिलायझरचा, म्हणजे किल्ली ओळखली नाही तर गाडी चालू न होऊ देणाऱ्या यंत्रणेचा, किल्लीचा दिवा लुकलुकतो का तेही बघा.

टक आला आणि पंप गप्प, तर त्याच बॉक्समधला तसलाच दुसरा रिले काढून तिथं घाला. हॉर्नचा बऱ्याचदा सारखाच असतो. पण नुसता आकार बघू नका, अंगावर छापलेला नंबर आणि पिनांची आकृती जुळली पाहिजे. पाच पिनांच्या रिलेत मध्ये ८७ए असते, ती उलट चालते, रिले सुटलेला असताना जोडलेली. काहींच्या पोटात डायोड असतो, करंट एकाच दिशेने जाऊ देणारा. चुकीचा घातला तर नवीन दुखणं.

बाकी नंतर. आधी हे करून या. आणि ईसीयूला हात लावू देऊ नका.

मस्कतकर
बुधवार, दुपारी १:३०

आप्पांना दुजोरा. इथे आमच्या कंपनीच्या पिकअपांचं वर्कशॉप आहे, तिथला फोरमन संशयित रिले टेबलावर जोडून हेअर ड्रायरने शेकतो. पाच मिनिटांत खरं-खोटं. जून महिन्यात तर ड्रायरही लागत नाही, गाडी अंगणात उभी करायची.

एक भर: काही जुन्या जपानी गाड्यांत रिलेच्या आत छोटा सर्किट बोर्ड असतो आणि त्यावरच्या सोल्डरला केसासारखी चीर जाते. तापलं की चीर उघडते, गार झालं की मिटते. कव्हर काढून ते टाके पुन्हा वितळवले की रिले पुढची कित्येक वर्षं चालतो. भिंगातून बघावं लागतं, नुसत्या डोळ्याने दिसत नाही.

वाशिष्ठीकाठ
रविवार, रात्री ९:२०

आप्पा, आधी एक: मला अहो-जाहो करू नका. माझे बाबा तुमच्याच वयाचे असतील.

आज मेव्हण्याला घेऊन मुद्दाम घाटात गेलो. गाडी बंद पडावी म्हणून गाडी चालवण्याचा आयुष्यातला पहिला प्रसंग. आणि तुम्हाला सांगतो, नेमकी आज बसेना! नेहमीचं वळण गेलं, त्याच्या पुढचं गेलं. मेव्हणा म्हणाला, दाजी, तुमच्या गाडीला प्रेक्षक आवडत नाहीत. वर जाऊन परत उतरलो, पुन्हा चढलो, तेव्हा एकदाची बसली.

पाच मिनिटांच्या आत सगळं बघितलं. किल्ली ऑन, पेट्रोलच्या झाकणाशी मेव्हण्याचा कान: काहीच नाही. रिलेवर माझं बोट: टक, आणि जरा वेळाने टक. स्पष्ट. तुम्ही आधी लिहिलं नसतं तर मी 'रिले चांगला आहे' म्हणून पुढे गेलो असतो. आणि रिले गरम होता. इंजिनाच्या उबेने कोमट असणारच, पण शेजारच्या रिलेंपेक्षा चांगलाच गरम, बोट ठेवून राहवत नव्हतं.

हॉर्नचा रिले नंबर पाहून काढला, तंतोतंत तोच. अदलाबदल केली. किल्ली ऑन, आणि मागून मेव्हणा ओरडला, 'घुंऽऽ!' पहिल्या फटक्यात चालू. वीस मिनिटं थांबावं लागलं नाही.

येताना कराडमधून नवा रिले घेतला, २२० रुपये. (आप्पा, तुमचं दुकान रविवारी बंद असणार म्हणून आलो नाही.) नवा पंपाच्या जागी बसवला आणि हॉर्नचा चांगला रिले सुटा म्हणून डॅशबोर्डच्या खणात ठेवला. साडेसहा हजार आणि २२०, या हिशोबावर घरी काही बोललेलो नाही. आभार, आप्पा!

कोयनेचा_वारा
रविवार, रात्री ९:४५

माझा सेन्सर हरला. अभिनंदन.

आप्पा_तारवाले
सोमवार, सकाळी ५:५०

बरं झालं, पण पेढे वाटू नकोस अजून.

रिले काढून दुसरा घातला आणि गाडी चालू झाली, यावरून रिलेच खराब होता असं सिद्ध होत नाही. रिले ज्यात बसतो तो बेस, आणि त्यातली पिन धरणारी पितळी चिमटी म्हणजे जबडा. रिले उपसताना आणि दाबताना त्याच्या पिना त्या जबड्यात घासल्या जातात. जबडा मळलेला, गंजलेला असेल तर तेवढ्या घासण्याने दोन दिवस चांगला चालतो. तोच जुना रिले काढून परत तिथंच घातला असतास तरी कदाचित गाडी चालू झाली असती.

तुझा रिले तापला होता म्हणालास, ते मला खटकतं. कॉइलमुळे रिले कोमट होतो, बोट पोळत नाही. पोळतो तेव्हा मोठा करंट अडखळत जातो आहे. हिशोब बघ: पाच अँपिअरच्या वाटेत ०.३ ओहमचा अडथळा आला तर दीड व्होल्ट तिथंच खर्च होतो आणि साडेसात वॅटची उष्णता तयार होते. एवढ्याशा डबीत. त्या उष्णतेने पितळी जबड्याची स्प्रिंग ढिली पडते, ढिली पडली की अडथळा वाढतो, अडथळा वाढला की आणखी तापतं. घाटात बोनेटखाली आधीच भट्टी, पंप सलग चालू, म्हणून तिथं बसते. घरासमोर दोन मिनिटांत काय तापणार?

आणि पूर. पाणी बोनेटच्या वर होतं म्हणालास आणि संबंध नसावा म्हणालास. दादा, सेल्फ उघडलास, अल्टरनेटर उघडलास, फ्यूज बॉक्स कुणी उघडला का? पुराचं पाणी म्हणजे नुसतं पाणी नसतं, चिखल, शेण, गटार सगळं त्यात. ते बॉक्सच्या तळाला जातं, वाळतं, आणि दर पावसाळ्यात ओल धरून हिरवी बुरशी काढत बसतं. तीन वर्षं लागतात त्याला.

रिले काढून ३०ची पिन कशी दिसते ते सांग. आणि बेसमध्ये स्क्रूड्रायव्हर किंवा टेस्टर खुपसू नकोस, जबडा फाकतो.

वाशिष्ठीकाठ
बुधवार, रात्री ११:०५

आप्पा, तुमच्या जिभेवर काय आहे? आज गुहागरला जाताना बसली. चढावर नाही, सपाटीला!

रिले उपसला. तीन दिवसांपूर्वीचा नवाकोरा, आणि ३०ची पिन तांबूस, कडेला निळसर झाक. बाकी तिन्ही पांढऱ्या लखलखीत. मोबाइलचा दिवा लावून बेसमध्ये पाहिलं: ३०च्या खाचेभोवतीचं काळं प्लॅस्टिक किंचित वितळून खाली बसलंय आणि आत हिरवट-पांढरं काहीतरी. रिले परत घालताना तीन पिना घट्ट जातात, चौथी लोण्यात सुरी जावी तशी.

स्क्रूड्रायव्हरचं वाचून एक आठवलं. पुरानंतर गाडी पहिल्यांदा चालू केली तेव्हा गॅरेजमधल्या पोराने रिले काढून त्या जागी वायरचा तुकडा खुपसून पंप डायरेक्ट चालवून बघितला होता. चांगली जाड वायर होती. मी तेव्हा त्याच्या हुशारीचं कौतुक केलं होतं.

आता काय करू? सँडपेपरने घासू का? पक्कडीने जबडा आवळू का?

आप्पा_तारवाले
गुरुवार, सकाळी ६:१०

दोन्ही नको. घासलास तर वरचा मुलामा जाईल आणि महिन्यात दुप्पट काळं होईल. आवळलास तर चार दिवस धरेल, कारण तापून मऊ पडलेल्या पितळात पुन्हा ताण येत नाही. उकडलेल्या शेवग्याच्या शेंगेला ताठ उभी कर म्हटल्यासारखं ते.

जबडा बदलायचा. आधी बॅटरीचा मायनस काढ, ३०वर कायम प्लस असतो. मग बॉक्स खालून उघडून बघ. ३० आणि ८७ला खालून वायरी येत असतील तर सोपं आहे. पत्र्याची पट्टी किंवा बोर्ड असेल तर बाहेर वेगळा रिले बेस लावावा लागतो, तो वायरीसकट तयार मिळतो. कुठल्याही परिस्थितीत जुन्याच जाडीची वायर, नवं टर्मिनल (म्हणजे तो जबडाच), आणि ते दाबायला खरं क्रिंपिंगचं हत्यार. पक्कडीने चेपून वर टेप गुंडाळणाऱ्याला काम देऊ नकोस. क्रिंप केल्यावर वायर ओढून बघायची, जोर लावून. मग वर हीट श्रिंक, म्हणजे तापवली की आवळून बसणारी नळी. जळलेल्या टोकाची वायर कापताना तांबं काळं दिसलं तर लखलखीत तांबं लागेपर्यंत मागे कापत जा.

चिपळुणात चांगले वायरमन आहेत, त्यांच्याकडून कर. कराडपर्यंत या अवस्थेत घाट चढू नकोस.

वाटेत पुन्हा बसली तर जुजबी उपाय म्हणून ३० आणि ८७ जोडून गाडी घरी आणता येते, पण १५ अँपिअरच्या फ्यूजची वायर आणि टोकाला रिलेच्या पिनेएवढी चपटी पात, आणि तीसुद्धा घरापर्यंतच. लोक तशीच महिनोन्‌महिने चालवतात, मला राग येतो. ईसीयू इंजिन थांबलं की पंप थांबवतो, त्याला कारण आहे. गाडी कुठं आपटली, पेट्रोलची नळी तुटली, आणि पंप डायरेक्ट असेल तर तो रस्त्यावर पेट्रोल ओतत बसेल.

काम झाल्यावर मोजून घ्यायचं. वायरमन म्हणेल बारा व्होल्ट येतोय, सगळं ओके. मल्टीमीटरला बारा व्होल्ट एका तंतूतूनही दिसतो, कारण मीटर करंट पीतच नाही. मी जुना हेडलाइटचा ५५ वॅटचा बल्ब वापरतो. साडेचार अँपिअर ओढतो, जवळजवळ पंपाएवढा. रिले काढलेला असताना बेसच्या ३०मधून तो बल्ब बॅटरीच्या मायनसला जोडायचा. भगभगीत पेटला आणि पाच मिनिटं तसाच राहिला तर वाट खरी मोकळी. पण हा बल्ब ८५-८६च्या वायरींना लावायचा नाही, ईसीयूचा जीव जाईल, आणि मागे टाकीजवळ तर अजिबात नाही, तिथं ठिणगी नको.

शेवटी गाडी चालू ठेवून बॅटरीवर किती व्होल्ट आणि मागच्या सीटखाली पंपाच्या कनेक्टरवर किती, ते सांग. दारं उघडी ठेवून. पेट्रोलचा वास असेल तर मोजायचंच नाही.

मस्कतकर
गुरुवार, सकाळी ९:००

५५ वॅटच्या बल्बची युक्ती वहीत लिहून घेतली. आमचा फोरमन इतकी वर्षं इंडिकेटरच्या २१ वॅटच्या बल्बवर विश्वास ठेवून आहे, त्याला आज चहाच्या वेळी छळतो.

वाशिष्ठीकाठ
शनिवार, सायंकाळी ७:४५

झालं. बहादूरशेख नाक्याच्या बाजूला एक वायरमन आहेत, पोरगेलेसे, पण हत्यारं चोख. आप्पांचा मजकूर त्यांना मोबाइलवर वाचायला दिला. वाचून म्हणाले, 'हे कोण? यांच्याकडे शिकायला जायला पाहिजे.'

बॉक्स खालून उघडला तेव्हा चिखलाचा थर निघाला. वाळलेला, पापडासारखा. साडेतीन वर्षांपूर्वीची वाशिष्ठी माझ्या फ्यूज बॉक्सात राहायला आली होती आणि मला पत्ता नव्हता. ३० आणि ८७ दोन्हींना खालून वायरी होत्या, त्यामुळे बेस वाचला, दोन टर्मिनलं नवी घातली. ३०ची वायर दोन इंच मागे कापावी लागली तेव्हा तांबं उजळ लागलं. शेजारच्या फॅन रिलेच्या टर्मिनललाही हिरवं धरू लागलं होतं, तेही बदलून टाकलं.

काम करायच्या आधी मोजून घेतलं होतं, गाडी चालू आणि तापलेली: बॅटरीवर १४.१, पंपाच्या कनेक्टरवर १२.२. काम झाल्यावर १४.१ आणि १३.७. बल्ब पाच मिनिटं भगभगीत. रिले काढून त्या जागी मीटर लावून पंपाचा करंट मोजला, ४.९ अँपिअर. एकूण खर्च ६५०, त्यात बॉक्स साफ करणं आलं.

आज घाट दोनदा चढलो. ऊन कडक होतं, एसी चालू ठेवला, नेहमीच्या वळणावर मुद्दाम दहा मिनिटं इंजिन चालू ठेवून उभा राहिलो. माकडं आली, वाट बघून कंटाळून गेली. बोट ठेवलं तर रिले कोमट, शेजारच्यासारखाच.

आता मनाला लागलेली गोष्ट विचारतो: जुना पंप चांगलाच होता ना? म्हणजे साडेसहा हजार पाण्यातच?

आप्पा_तारवाले
शनिवार, रात्री ८:३०

४.९ अँपिअर छान. ०.४चा फरक एवढ्या लांब वायरीला चालतो.

पंपाचं छातीठोक सांगता येत नाही. घासलेला, आत कचरा गेलेला पंप जास्त करंट ओढतो, आणि जास्त करंटनेही जबडा जळतो. तुझा जुना पंप सात-आठ अँपिअर ओढत असेल तर त्यानेच हे दुखणं वाढवलं असेल, मग पैसे पाण्यात नाहीत. तो बदलण्याआधी कुणी करंट मोजला असता तर आज कळलं असतं. दोन मिनिटांचं काम. तो अजून असेल तर पुढच्या फेरीला घेऊन ये, बघू. घरी बॅटरीला लावून बघू नकोस, पंप कोरडा चालवायचा नसतो आणि त्यात पेट्रोलचा वास राहिलेला असतो.

आणि टाकी कायम रिझर्व्हवर ठेवायची सवय असेल तर सोड. टाकीतलं पेट्रोलच पंपाला गार ठेवतं.

वाशिष्ठीकाठ
शनिवार, रात्री ९:१०

पंप माळ्यावर आहे, पिशवीत. आणतो. रिझर्व्हचं तुम्हाला कसं कळलं ते विचारत नाही.

एक किरकोळ शंका, नवा धागा काढण्याएवढी नाही. परवापासून हॉर्न कधी वाजतो, कधी नाही. आज घाटात समोरून एसटी आली तेव्हा नेमका गप्प. फ्यूज बघितला, चांगला आहे. बटण दाबलं की बोनेटखाली टक आवाज येतो, पण हॉर्न वाजत नाही. हॉर्न बदलावा का?

कोयनेचा_वारा
शनिवार, रात्री ९:१२

अहो, टक येतोय ना?

आप्पा_तारवाले
शनिवार, रात्री ९:२०

घाटात अदलाबदल केलीस तेव्हा पंपाचा जळका रिले हॉर्नच्या जागी घातलास. तो अजून तिथंच आहे. चांगला तुझ्या खणात पडलाय.

वाशिष्ठीकाठ
शनिवार, रात्री ९:३४

बदलला. वाजला. शेजाऱ्यांनी खिडकी उघडून बघितलं.